फुटक्या कपाचा ख्याल

मंगळी गोमा हिलम पहिल्यांदा गायली ती खेकड्यांसाठी.

पनवेलजवळच्या नेऱ्याच्या पुढे डोंगराला पाठ लावून बसलेली बोंडारवाडी हे तिचं गाव. सगळी वस्ती कातकऱ्यांची. पाऊस ओसरायला लागला की वाडीतल्या बाया ओढ्यातले खेकडे धरत, त्यांचे पाय गवताच्या दोरीने बांधत आणि टोपलीत घालून पनवेलच्या गल्ल्यांतून विकत फिरत. मंगळी आई भीमाबाईबरोबर यायची. भीमाबाईचा आवाज बसका, त्यामुळे ओरडण्याचं खातं मुलीकडे. ही सत्याऐंशी-अठ्ठ्याऐंशी सालची गोष्ट. मंगळी तेव्हा बारा-तेरा वर्षांची असेल. जन्मतारीख कोणालाच ठाऊक नव्हती. मास्तरांनी आपल्या सोयीने एक घालून दिली होती आणि त्यानंतर दोन इयत्तांत शाळेचं आणि तिचं एकमेकांशी पटेनासं झालं.

वडाळे तळ्याजवळच्या एका गल्लीत, माडीवर, कुमुदबाई मांद्रेकरांचा गाण्याचा क्लास होता. बाई गोव्याकडच्या. लग्न केलेलं नाही, आईही गाणारी. एवढी माहिती आमच्या पनवेलला पुरेशी होती. चांगल्या घरच्या बायका आपल्या मुली बाईंकडे गाणं शिकायला पाठवत आणि हळदीकुंकवाला बाईंना बोलवायचं मात्र दर वर्षी न चुकता विसरत.

त्या दिवशी माडीवर पाच मुली तंबोऱ्याबरोबर सा लावत बसल्या होत्या. पाचही सा वेगवेगळे होते. तेवढ्यात खालून हाक आली, "खेकडंऽऽ, घ्या खेकडंऽऽ!" ती बरोबर तंबोऱ्याच्या खर्जाच्या वरच्या षड्जावर येऊन थांबली आणि तिथून हललीच नाही. मुलींनी खिडकीकडे माना वळवल्या.

"तुमचा सा खाली रस्त्यानं चाललाय गो," बाई म्हणाल्या. "कोणीतरी जाऊन वर घेऊन या."

मिताली देवस्थळी नावाची मुलगी धावत खाली गेली आणि मंगळीला टोपलीसकट वर घेऊन आली. भीमाबाई जिन्यातच थांबली. माडीवर बोलावून भाव पाडायची शहरातली रीत तिला माहीत होती.

"गाशील का?" बाईंनी विचारलं.

"खेकडं घेनार का?" मंगळीनं विचारलं.

"कुर्ल्या सोडतंय कोण! सगळ्या घेते."

"मग गाते."

आणि तिनं लग्नातलं एक गाणं म्हटलं, उभ्यानंच, टोपली कमरेला. बाईंनी डोळे मिटले. ते गाण्यासाठी मिटले की खेकड्यांच्या रश्शासाठी, हे त्यांनी पुढे कधी कबूल केलं नाही. पण गाणं संपल्यावर त्या जिन्यात गेल्या आणि भीमाबाईला म्हणाल्या, "आठवड्यातून दोनदा हिला माझ्याकडे सोड. शिकवते."

"गानं शिकून काय करनार ती?"

"दुपारचं जेवायला घालीन."

यातलं जेवण भीमाबाईला कळलं. व्यवहार ठरला. खेकड्यांच्या दिवसांत खेकडे, एरवी कोरळाची रानभाजी, कंदमुळं, पावसाच्या तोंडाला उरलीसुरली करवंदं. बाईंच्या पाच फीवाल्या शिष्या महिन्याचे पैसे वेळेवर देत आणि सा उशिरा लावत. मंगळीचं उलट होतं. ती यायची तेव्हाच यायची, पण आली की आधीच्या दिवशीचं सगळं तोंडात तयार.

स्वभावानं ती गरीब बिचारी वगैरे अजिबात नव्हती. जीभ तिखट, भूक दांडगी, आणि आपल्याला येतं हे तिला पहिल्या महिन्यातच कळलेलं. मिताली चुकली की ही तोंडावर हात ठेवून हसायची. मिताली रडकुंडीला यायची आणि मग दोघी मिळून बाईंच्या फडताळातले लाडू खायच्या. अशी मैत्री झाली.

वाडीत मात्र पंचाईत झाली. बाप गोमा रात्रीच्या नाचात ढोल वाजवायचा, त्याला वाटलं मुलगी शहरातनं काहीतरी झकास घेऊन येईल. एका संध्याकाळी त्यानं तिला म्हणायला लावलं. मंगळीनं डोळे मिटून एक ओळ धरली आणि ती सोडेचना. गोमानं बिडी संपवली, दुसरी पेटवली, ती संपवली.

"अगो," तो शेवटी म्हणाला, "पुढचं गानं तुज्या बाईला येत नाय का तुला इसरलाय?"

"हेच हाय गानं."

"एवढंच?"

"एवढंच. हे नीट लागाय दोन वर्सं लागतान."

गोमानं बायकोकडे पाहिलं. पोरीला शहरात बाधा झाली, असं त्याच्या मनात येऊन गेलं असावं. पण पोरगी दोनदा जेवून येत होती. बाधेत सहसा असं होत नाही.

दिवाळी झाली की वाडीला कुलूप. सगळी माणसं वीटभट्टीवर, थेट पावसाच्या तोंडापर्यंत. मंगळी डोक्यावर कच्च्या विटा वाहायची आणि तोंड बंद ठेवून मनातल्या मनात सरगमचे पलटे म्हणायची. एकदा कुमुदबाई रिक्षा करून, छत्री घेऊन भट्टीवर पोचल्या. भट्टीचा शेट हातातली किल्ली फिरवत आला.

"काय बाई, विटा बघाय आलाव?"

"तुमच्याकडे माझी शिष्या आहे. तिला धुराच्या बाजूला लावू नका. घसा जाईल."

शेट मोठा रसिक माणूस. तो म्हणाला, "गाते म्हंजे? मग हळदीचं गानं म्हनून दाखीव ना पोरी!" मंगळी म्हणाली, "विटा तुमी वाहा, मी म्हनते." त्या दिवशी तिची मजुरी कापली गेली, पण दुसऱ्या दिवसापासून तिला धुरापासून लांब, थापायच्या जागी बसवलं. बाई पुन्हा येतील याची शेटला धास्ती होती. बाई छत्री जरा टोकदारच धरत.

अशी चार वर्षं गेली आणि बाईंना वाटलं, मुलीला आता लोकांपुढे बसवावं.

आता आमच्या संगीत मंडळाबद्दल सांगायला हवं. मंडळाचं नाव 'स्वरगंधा'. पनवेलला गाणं कळतं ही पनवेलची फार जुनी समजूत आहे, आणि ती सांभाळायचं काम हे मंडळ करी. साडेसहाचा कार्यक्रम सव्वासातला सुरू होई. मध्यंतरात बटाटेवडे असत, आणि मध्यंतरानंतर गायकापेक्षा वड्यांविषयी जास्त मतं असत. मंडळाचे चिटणीस अविनाश देवस्थळी. नोकरी बँकेत. कानाबद्दल प्रसिद्ध. समेवर सगळ्यांची "वा!" झाली की किंचित मागून त्यांची यायची, पण आवाज मोठा असल्यामुळे तीच लक्षात राही. मिताली यांचीच मुलगी.

मंडळाचा नवोदितांसाठी एक कार्यक्रम असे. त्यासाठी बाईंनी मंगळीला देवस्थळ्यांच्या घरी ऐकवायला पाठवलं. तिनं भूप गायला. गाणं संपल्यावर देवस्थळीवहिनींनी चहा आणला. सगळ्यांना फुलाफुलांच्या कपबशा आल्या. मंगळीचा चहा मात्र न्हाणीघराच्या खिडकीत ठेवलेल्या एका कपातून आला. त्या कपाचा कान तुटलेला होता, काठाला टवका उडालेला होता आणि बशी नव्हती. घरात मोलकरीण, नळवाला आणि रद्दीवाला यांच्यासाठी तो राखून ठेवलेला होता.

मितालीनं मान खाली घातली. मंगळीनं कप दोन्ही हातांत धरला, फिरवून पाहिला आणि टवका नसलेल्या बाजूनं चहा प्यायली.

"आवाज छान आहे हां," देवस्थळी म्हणाले. "प्रश्न आवाजाचा नाहीच. शास्त्रीय संगीताला कसं, एक घरातला संस्कार लागतो. तुमच्याकडे पण काय सुंदर गाणी आहेत! ती जपा. आमचा लोककलेचा कार्यक्रम आहे, त्यात तू तुमचं रानातलं एखादं म्हण. मी शब्द टाकतो."

शब्द टाकला गेला. आणि पुढची दोन-तीन वर्षं मंगळी पनवेल, उरण, खोपोली इथल्या मंचांवर 'रानपाखरू' म्हणून गायली. देवस्थळीवहिनी तिच्या केसांत मोराचं पीस खोचत आणि दंडावर चुन्याच्या नक्ष्या काढत. बोंडारवाडीत कोणी जन्मात डोक्याला पीस लावलं नव्हतं. पीस सापडलं तर ते विकत. पण पिसाशिवाय ती आदिवासी दिसत नाही, असं आयोजकांचं म्हणणं पडायचं. दोन गाणी झाली की शाल आणि नारळ. नारळ त्याच दिवशी संपायचा. शालींचं काय करायचं हा प्रश्न होता. एकीची झोळी करून गोमानं भावाच्या नातवाला टांगलं, एक शेळीच्या अंगावर गेली, आणि सगळ्यांत जरीची होती तिची भीमाबाईनं विटा वाहायला चुंबळ केली. चुंबळ म्हणून शाल उत्तम, असं तिचं मत होतं.

"बाई, मला राग कवा गायला देनार ही लोकं?" मंगळीनं एकदा विचारलं.

"देणार नाहीत," बाई तंबोरा जुळवत म्हणाल्या. "मला तरी कुठे दिला? वीस वर्षं या गावात आहे. बक्षीस समारंभात ईशस्तवन शिकवा म्हणतात."

"मग न विचारता घेऊ," मंगळी म्हणाली.

चौऱ्याण्णव साली पनवेलला मोठा लोककला महोत्सव ठरला. जिल्ह्याचे कुणी साहेब उद्घाटक, मुंबईचे लोकसाहित्याचे एक प्राध्यापक अध्यक्ष, आणि पहिलं गाणं, सूर्य मावळताना, आमच्या रानपाखराचं. देवस्थळी उत्साहात होते. मंगळीनं दोनच अटी घातल्या. तबल्याला प्रदीप हवा आणि मागे तंबोऱ्यावर मिताली.

प्रदीप हा हळदी-लग्नांत बेंजो पार्टीत वाजवणारा मुलगा. उरलेल्या वेळी तो बाईंच्या क्लासात तबला धरायचा. त्याच्याबद्दल तक्रार नव्हती. तंबोऱ्यावर मात्र खल झाला.

"तंबोरा आदिवासी नाही वाटत," देवस्थळी म्हणाले.

"आंब्याची पानं गुंडाळा त्याला," मंगळी म्हणाली. "वाटेल."

आणि खरोखरच तंबोऱ्याला आंब्याची पानं गुंडाळण्यात आली. मितालीच्याही केसांत पीस खोचलं गेलं. चिटणिसांची मुलगी रानपाखरू होऊन बसली, तेव्हा वहिनींनी फोटो काढून घेतले.

"आमच्या वाडीचं लय जुनं गानं हाय," मंगळीनं माइकवर सांगितलं. "माज्या पंजीच्या पंजीचं." मग तिनं षड्ज लावला.

तिनं श्री गायला. संध्याकाळचा, कडक, सहजासहजी कोणाला जवळ न करणारा राग. विलंबित एकतालात, पूर्ण बढत करत. कोमल रिषभावरून ती पंचमाकडे झेपावली तेव्हा पहिल्या रांगेतल्या साहेबांनी हातातली थंड पेयाची बाटली खाली ठेवली. शब्द तिचे स्वतःचे होते. आदल्या आठवड्यात माडीवर बसून जुळवलेले:

"फुटक्या कपान चाय पाजतंस, वर गानं मागतंस."

विलंबित ख्यालात शब्द कोणाला कळत नाहीत, ही आपल्या संगीताची थोर सोय आहे. 'फुटक्या' म्हणायलाच तिला अर्धं आवर्तन लागलं. 'कपान' एकदा मंद्रात गेला आणि तिथं बराच काळ राहिला. 'चाय' तर तिनं आकारात इतकी विरघळवली की तिच्यात साखरही दिसेना. प्रदीपचा चेहरा ढिम्म होता. लग्नात वाजवणाऱ्याला न हसण्याचा सराव असतो. मितालीच्या केसांतलं पीस मात्र सारखं थरथरत होतं. श्रोत्यांना ते भावविभोर वाटलं.

द्रुत बंदिश सुरू होणार एवढ्यात देवस्थळ्यांनी विंगेतून घड्याळ दाखवलं. ते बरं झालं. द्रुतात शब्द सगळ्यांना ऐकू आले असते.

टाळ्यांचा कडकडाट झाला. मग अध्यक्ष बोलायला उभे राहिले. त्यांचा आवाज भरून आला होता.

"मित्रहो, आपण आत्ता जे ऐकलं ते संगीत नव्हे. ते संगीताच्या आधीचं आहे. या मुलीला कोणी शिकवलेलं नाही. ही एका डोंगरानं दुसऱ्या डोंगराला दिलेली आदिम हाक आहे. आणि काय ते काव्य! 'फुटक्या कपारीन छाय पाझरते, वर गगन मागते.' फुटलेल्या कड्याच्या कपारीतून सावली पाझरते आहे आणि वरच्या गगनाकडे मागणं मागते आहे. आपले सुशिक्षित कवी जन्मभर खपले तरी ही ओळ लिहू शकणार नाहीत!"

"एक स्वर शिकवलेला नाही!" देवस्थळ्यांनी शेजारच्यांना सांगितलं.

तिसऱ्या रांगेत बसलेल्या कुमुदबाईंना जोराचा ठसका लागला. कार्यक्रमानंतर मंगळी उड्या मारत त्यांच्याकडे आली, पाया पडली आणि कौतुकाची वाट बघत उभी राहिली.

"धैवत दोनदा चढा लागला," बाई म्हणाल्या. "मस्करी करायची तर सुरात करावी."

प्रकरण इथंच मिटलं असतं. पण पुढच्या रविवारी गावातल्या साप्ताहिकात प्राध्यापकांचं भाषण छापून आलं. देवस्थळ्यांकडे तीन-चार रसिक मंडळी जमली होती. देवस्थळी बातमी मोठ्यानं वाचत होते. 'कपारीन छाय' इथं ते थांबले, चष्मा काढला आणि म्हणाले, "काय प्रतिमा आहे!"

मितालीनं आठवडाभर दाबून धरलेलं हसू तिथं फुटलं. "बाबा, कपार नाही हो. कप आहे. आपला. न्हाणीघराच्या खिडकीतला!"

एका पाहुण्यानं आपल्या हातातल्या कपाचा कान हळूच चाचपून पाहिला. मितालीनं पूर्ण ओळ म्हणून दाखवली, आधी साधी आणि मग श्रीमध्ये.

दुसऱ्या दिवशी तो कप कचऱ्यात गेला. देवस्थळीवहिनी मनाला लावून घेणाऱ्या होत्या. त्याच्या जागी खिडकीत स्टीलचा पेला आला.

देवस्थळी तडक कुमुदबाईंच्या माडीवर गेले. "कृतघ्न मुलगी! मी तिला मंच दिला, आणि तिनं भर सभेत माझ्या घरचा अपमान केला!"

"कधी केला?" बाईंनी विचारलं. "कोणाला कळला?"

"मला आत्ता कळला!"

"शब्दांचं राहू द्या. राग कोणता होता?"

पनवेलमधला सगळ्यांत प्रसिद्ध कान क्षणभर लाल झाला.

"श्री होता," बाई म्हणाल्या. "ओळखला नाहीत?"

ओळखला नाही म्हणावं तर वीस वर्षांची चिटणिशी पाण्यात. ओळखला म्हणावं तर मग ती शिकलेली आहे हे मान्य. माणूस बँकेतला, नफातोटा लवकर कळणारा.

"वा! ओळखला नाही कसा?" ते म्हणाले. "पहिल्या रिषभालाच ओळखला. प्रोफेसरांची अडचण नको म्हणून गप्प बसलो."

"मला वाटलंच," बाई गोड हसून म्हणाल्या. "गावात सांगा की मग. तुमच्याशिवाय कोण सांगणार?"

आणि देवस्थळ्यांना सांगावं लागलं. जो भेटेल त्याला ते सांगत सुटले की श्री होता बरं का, कसलेला श्री, सहा-सात वर्षांची तालीम दिसत होती, बाकी कोणाला कळलं नाही, मला कळलं. आपला कान वाचवायचा तर मंगळीचं गाणं उचलून धरण्यावाचून त्यांना गत्यंतर नव्हतं. वर्षभरात पनवेलला ठाऊक झालं की एक कातकरी मुलगी ख्याल गाते. मंडळाचं आमंत्रण तेवढं आलं नाही. 'बघू' असं ठरलं. मंडळात 'बघू' हा ठराव एकमतानं मंजूर होत असे.

त्याच सुमारास वाडीनं तिचं लग्न काढलं. रोह्याकडचा मुलगा बघायला आला, मुलगा बरा होता. मंगळीनं त्याला अंगणात बसवून विलंबित ऐकवलं. तो पाणी प्यायला म्हणून उठला आणि रोह्याला गेला. भीमाबाईनं दोन दिवस आरडाओरडा केला, बसक्या आवाजात.

रेडिओच्या परीक्षेला बाईंनीच तिला मुंबईला नेलं. तिथं गाणारा काचेच्या एका बाजूला आणि ऐकणारे दुसऱ्या बाजूला. त्यांना फक्त आवाज मिळतो. पीस नाही, चुना नाही. पहिल्या खेपेला मात्र ती सपशेल नापास झाली. खोलीत लाल दिवा लागला आणि ती चूप बसून राहिली.

"गायली का नाहीस गो?" बाहेर आल्यावर बाई ओरडल्या.

"लाल दिवा लागला ना! म्हटलं थांबायचा असल."

पुढच्या वर्षी ती पुन्हा गेली, लाल दिव्याकडे पाहत गायली आणि पास झाली. तिचं गाणं रेडिओवर लागलं त्या सकाळी वाडीतल्या एकुलत्या एका ट्रान्झिस्टरचे सेल संपलेले होते. पनवेलमध्ये मात्र ते झाडून सगळ्यांनी ऐकलं होतं. प्रसारणाची वेळ विचारली तर प्रत्येकाची वेगळी निघायची.

मग कुमुदबाईंना अर्धांगाचा झटका आला. उजवी बाजू गेली, जीभ जड झाली, पण क्लास बंद करायचा नाही, हे त्यांनी डाव्या हातानं सतरंजीवर आपटून सांगितलं. मंगळी शिकवायला बसली. पहिल्या महिन्यात निम्म्या मुली गळाल्या. कोणाची परीक्षा जवळ आली होती, कोणाच्या घशाला थंडी सोसत नव्हती, एकीच्या आईनं सरळ सांगितलं, "तुझ्याबद्दल काही नाही गं, पण घरी सासूबाई आहेत." घरमालकही म्हणाले, जिना जुना झालाय, खोली रिकामी करा. एकाच बाईच्या वजनानं जिना जुना होतो, हे नवीनच होतं.

यातून मार्ग काढला मितालीनं. तिला नव्या पनवेलमध्ये नोकरी लागली होती. तिनं तिथल्या एका इमारतीत तळमजल्यावर जागा शोधली आणि वडिलांनाच भाडेकराराला साक्षीदार म्हणून उभं केलं. नव्या पनवेलचं एक मोठं सुख आहे, तिथं कोणी कोणाला ओळखत नाही. मुंबई-पुण्याहून आलेली नोकरदार मंडळी, सगळ्यांना मुलांना काहीतरी शिकवायची घाई. पाटीवर 'मंगला' लिही, असं दोघा-तिघांनी सुचवलं.

"मंगळवारची हाय, मंगळीच लिवा," ती म्हणाली. एव्हाना तिला प्रमाण मराठी उत्तम यायची. कुठं नाही वापरायची हेही ती शिकली होती.

पहिल्याच आठवड्यात रुचिरा नावाच्या एका बाई मुलाला घेऊन आल्या.

"हिलम? कारवारकडचे का तुम्ही?"

"नाही. डोंगराकडच्या."

"अय्या, म्हणजे महाबळेश्वर?"

मंगळीनं उत्तर द्यायला तोंड उघडलं, पण रुचिराबाईंना उत्तर नको होतं. आमचा अथर्व टीव्हीवर किती दिवसांत गाईल, एवढंच त्यांना हवं होतं. वर्षभरात सतरंजी अपुरी पडू लागली. पुढे-मागे मंगळी कोण हे त्यांनाही कळलं. पण तोवर मुलं सुरात गायला लागली होती आणि दुसरा क्लास लांब होता. पूर्वग्रह म्हणजे असा. रिक्षाभाडं वाचत असेल तर माणसं तो बाजूला ठेवतात. कुमुदबाई खिडकीपाशी खुर्चीत बसायच्या आणि कोणी चुकलं की डावा हात आपटायच्या. हात आपटण्यात त्या अजूनही लयीच्या पक्क्या होत्या.

अठ्ठ्याण्णव साली स्वरगंधानं तिला बोलावलं. वार्षिक सभा, पूर्ण मैफल, वड्यांसकट. देवस्थळ्यांनी ओळख करून देताना सांगितलं, "या हिऱ्याला मी फार पूर्वी, अगदी पहिल्या रिषभाला..." मिताली तंबोरा घेऊन मागे बसली होती, तिनं मोठ्यानं खाकरून तंबोरा जुळवायला घेतला. पहिल्या रांगेत कुमुदबाई खुर्चीत, बाजूला गोमा आणि भीमाबाई.

मंगळी पूरिया गायली. त्या संध्याकाळी तिनं कोणाला चिडवलं नाही आणि कोणाला काही दाखवलंही नाही. खरंच फार सुंदर गायली. इतकी, की मध्यंतरात वडे थंड झाले. मंडळाच्या इतिहासात हे पूर्वी घडलेलं नव्हतं.

शेवटी मागून कोणीतरी ओरडलं, "आता एक रानातलं होऊ द्या!" आणखी दोघांनी री ओढली.

मंगळी हसली. "ती गाणी माझ्या आईची. माझ्यापेक्षा तिला चांगली येतात. तिला बोलवा. पण तिचं मानधन माझ्याहून जास्त आहे."

"आनि जीपगाडी पाठवा!" भीमाबाई पहिल्या रांगेतून बसक्या आवाजात म्हणाली. "एष्टीन माजी कंबर धरतं."

सभागृह हसलं. देवस्थळी सगळ्यांच्या किंचित मागून हसले. जीप अर्थातच कधी गेली नाही.

त्या मैफलीनंतर मंगळी मिरजेला जाऊन स्वतःचा तंबोरा घेऊन आली. बरोबर गोमा होता, उचलायला. परतीच्या गाडीत कंडक्टरनं कापडात गुंडाळलेला तो मोठा भोपळा पाहिला आणि म्हणाला, "सामानाचं तिकीट काढावं लागेल. एवढा भोपळा कुठे चालवलाय?"

"तिकीट काढते. पूर्ण काढते," मंगळी म्हणाली. "पण मग त्याला सीट द्या."

कंडक्टर वाद घालणार होता, पण तिचा आवाज गाडीच्या मागच्या काचेपर्यंत खणखणीत पोचला आणि चार माणसं वळून बघायला लागली. त्यानं तीन तिकिटं फाडली. तंबोरा खिडकीजवळ बसला, शेजारी त्याला धरून मंगळी. कऱ्हाडला गर्दी चढली आणि एका म्हाताऱ्या बाईला जागा करून देण्यासाठी गोमाला उठावं लागलं. तो पनवेलपर्यंत उभा होता. खोपोलीचा घाट उतरताना तो वाकून म्हणाला, "अगो, तो बसलाय नि तुजा बापूस उभा हाय."

"तुमी वाजत नाय ना, बाबा," मंगळी म्हणाली आणि वळणावर तंबोऱ्याच्या पाठीला हात लावून धरला.